फ्रिजमधली किल्ली

तिला सगळे तहवाली म्हणायचे. तोंडावर मॅडम, पाठीमागे तहवाली. तिला ते ठाऊक होतं आणि खरं सांगायचं तर आवडतही होतं. अठ्ठावीस वर्षं तिनं एकाच विषयावर माहितीपट काढले: भांडणं मिटतात कशी. भांडणं होतात कशी यावर काढणारे पैशाला पासरी मिळतात, असं ती म्हणायची. त्यांना मेहनतही फार नसते; कुठंही कॅमेरा लावा, माणसं भांडतच असतात. पण भांडण मिटताना बघायचं तर महिनोन्महिने लोकांच्या घरात ठाण मांडून बसावं लागतं, त्यांचा पाणचट चहा प्यावा लागतो, आणि दोन्ही बाजूंचं गाऱ्हाणं असं ऐकावं लागतं की जणू जगात दुसरी बाजूच नाही.

एका जिन्यावरून सहा वर्षं भांडणारे दोन शेजारी तिनं टिपले होते. एकाच बसवर चार वर्षं काम करून एकमेकांशी अवाक्षर न बोललेले ड्रायव्हर आणि कंडक्टर टिपले होते. एक घंटा म्हणजे थांब, दोन म्हणजे नीघ, एवढाच काय तो त्यांचा संवाद. एका शाळेला चुकून दोन मुख्याध्यापक नेमले गेले होते आणि खुर्ची एकच होती, त्यांच्यावरचा माहितीपट तर अजून लोक मागून मागून बघतात. असे अठरा. आणि अठराच्या अठरा ठिकाणी शेवटी माणसं एकमेकांशी बोलली.

आता अशा बाईच्या स्वतःच्या घरात काय असावं? लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. तिचा सख्खा धाकटा भाऊ नऊ वर्षं तिच्याशी बोलत नव्हता, आणि तीही त्याच्याशी बोलत नव्हती. येत्या शुक्रवारी तो कायमचा समुद्रापलीकडे चालला होता, मुलीकडे राहायला. आणि आज मंगळवार होता.

हा धाकटा साधासुधा भाऊ नव्हे. तिच्या पहिल्या अकरा माहितीपटांचा आवाज त्यानं घेतलेला होता. घरात लहानपणी सगळे त्याला धाकटाच म्हणत, पुढे धंद्यातही तेच नाव पडलं, आणि पंचावन्न वर्षांचा होऊन केस पिकले तरी तो धाकटाच राहिला. कान असे की शेजारच्या खोलीत कुणी बिस्किट चहात बुडवलं तर हा सांगणार, फार वेळ ठेवलं, तुटलं.

भांडण कशावरून झालं, ते सांगितलं तर कुणी विश्वास ठेवत नाही. एका मिनिटावरून झालं.

आवाजवाल्यांची एक रीत असते. चित्रण संपलं की ते सगळ्यांना जागच्या जागी थांबवतात आणि एक मिनिटभर रिकाम्या खोलीची शांतता टिपून घेतात. प्रत्येक खोलीची शांतता निराळी असते, आणि पुढे जोडकाम करताना दोन वाक्यांमधली भोकं बुजवायला तीच शांतता लागते. पहिल्या माहितीपटाच्या वेळी, त्या जिन्यावरच्या शेजाऱ्यांकडे, धाकट्यानं अशीच आरोळी दिली होती, "एक मिनिट कुणी हलू नका." सहा वर्षं एकमेकांसमोर कधी गप्प न बसलेली दोन माणसं पहिल्यांदाच एका सोफ्यावर मुकाट बसली. मिनिट संपलं तेव्हा त्यातला एक दुसऱ्याला म्हणाला, "पंखा बंद करू का? तुम्हाला गार वाटतंय बहुतेक." धाकट्यानं हेडफोन न काढताच बहिणीचा दंड धरला होता आणि कानाशी म्हणाला होता, "ताई, पुढच्या वेळी या मिनिटाला कॅमेरा बंद करू नकोस."

तेव्हापासून तिनं केला नाही. पुढे ती शिकवायला लागली, देशोदेशी भाषणं द्यायला लागली, आणि तिचे तीन नियम प्रसिद्ध झाले. पहिला: भांडणाऱ्यांना समोरासमोर बसवू नका, शेजारी शेजारी बसवा आणि हाताला काहीतरी काम द्या. दुसरा: सुरुवात कुणी केली हे कधीही विचारू नका. तिसरा: शेवटी एक मिनिट गप्प बसवा. पहिले दोन तिचे होते. तिसरा कुणाचा, ते आता तुम्हाला माहीत आहे, पण भाषणांना येणाऱ्यांना माहीत नव्हतं.

अकरावा माहितीपट दोन बेकरीवाल्यांचा होता. भट्टी एक, मालक दोन, आणि पहाटे कुणाचा पाव आधी आत जाणार यावरून रोज महाभारत. शेवटच्या मिनिटाला दोघं बाकावर बसले होते आणि पंचेचाळिसाव्या सेकंदाला त्यातल्या थोरल्यानं न बघताच हात लांब करून दुसऱ्याच्या कॉलरवरचं पीठ झटकलं. तसं दृश्य माणसाला आयुष्यात एकदा मिळतं. धाकटा म्हणाला, सबंध मिनिट तसंच ठेव, काही मिसळू नकोस. महोत्सववाले म्हणाले, मिनिटभर काहीच ऐकू आलं नाही तर प्रेक्षक उठून जातील. तहवालीनं महोत्सववाल्यांचं ऐकलं आणि त्यावर व्हायोलिन घातलं. थोडं ढोलकंही घातलं.

"माझ्या मिनिटावर बाजा वाजवलास," एवढंच तो म्हणाला होता. पुढे त्या माहितीपटाला बक्षीस मिळालं. मंचावर तिनं सगळ्यांचे आभार मानले, भट्टीवरच्या मांजराचेही मानले, आणि मग म्हणाली, "हे शांततेचं मिनिट मला कसं सुचलं ते सांगते." तिसऱ्या रांगेतला धाकटा उठला आणि आवाज न करता निघून गेला. आवाजवाले रबरी तळव्याचे बूट घालतात, त्यामुळे तो गेल्याचं कुणाला कळलंही नाही. तिला कळलं. पण तेव्हा ती बोलत होती, आणि बोलणाऱ्या माणसाला थांबणं जमत नाही.

मग आज आता, उद्या परवा, करता करता नऊ वर्षं गेली. तो आईला भेटायला दर बुधवारी दुपारी यायचा, कारण बुधवारी दुपारी ताईचा वर्ग असतो. आई ब्याऐंशीची, राहायला ताईकडेच, तिचं मात्र दोघांवर सारखंच प्रेम आणि दोघांवर सारखाच राग.

मंगळवारी सकाळी नऊला भिंगरी आली. भिंगरी म्हणजे तहवालीची जुनी विद्यार्थिनी, एका जागी दोन मिनिटं न ठरणारी, म्हणून ते नाव. आता ती स्वतः माहितीपट काढत होती आणि तिचा नवा माहितीपट तिच्या गुरूवरच होता. तिच्यामागून कॅमेरावाला आला. अंगानं पहाड आणि तोंडानं मुका म्हणावा असा माणूस. आल्या आल्या त्यानं पुस्तकांचं कपाट एकट्यानं दीड फूट सरकवलं. आणि त्याच्यामागून खांद्याला पिशवी आणि हातात माईकची लांब काठी घेऊन धाकटा आला.

तहवाली खिडकीजवळच्या खुर्चीत बसली होती. ती तशीच बसून राहिली, फक्त हातातला कप तिनं बशीत ठेवला.

"आमचा आवाजवाला तापानं पडलाय मॅडम," भिंगरी जमिनीकडे बघत म्हणाली. "ऐन वेळी कोण मिळणार? आजींनी फोनवर सुचवलं, की..."

"मी काही सुचवलं नाही," आई आतून म्हणाली. "मी फक्त नंबर दिला."

धाकट्यानं कुणाकडेच पाहिलं नाही. त्यानं खोलीच्या मधोमध उभं राहून एक टाळी वाजवली, भिंतींनी ती कशी परत दिली ते ऐकलं, नाक मुरडलं, आणि आईकडून दोन जाड रजया मागून दाराला आणि खिडकीला लावल्या. मग स्वयंपाकघरात गेला आणि फ्रिजचं बटण बंद केलं. फ्रिजची घरघर माणसांना ऐकू येत नाही, माईकला येते. खिशातून स्कूटरची किल्ली काढली, फ्रिज उघडला आणि दारातल्या अंड्यांच्या खणात, उजवीकडून दुसऱ्या खळग्यात ठेवली.

ही पण आवाजवाल्यांचीच रीत. लोकांच्या घरातला फ्रिज बंद करायचा आणि काम संपल्यावर तो सुरू करायला विसरून निघून जायचं, मग त्या बिचाऱ्यांचं दूध नासतं आणि पुन्हा कुणी दारात उभं करत नाही. म्हणून किल्ली आत ठेवायची. फ्रिज उघडल्याशिवाय घरीच जाता येत नाही, आणि उघडला की दिवा लागत नाही हे बघून बटण आठवतं. अकरा माहितीपट, कितीतरी घरं, धाकट्याची किल्ली नेहमी उजवीकडून दुसऱ्या खळग्यात. तहवालीनं दारावरच्या रजईच्या फटीतून ते पाहिलं आणि नजर खिडकीकडे वळवली.

कॉलरला लावायचा छोटा माईक त्यानं भिंगरीच्या हातात दिला. तिनं तो मॅडमच्या कॉलरला लावला, तारा मागून नेऊन यंत्र कमरेला अडकवलं.

"त्यांना सांगा, सकाळी काय खाल्लं ते बोलायला," धाकटा भिंगरीला म्हणाला. आवाजाची पातळी बघायला आवाजवाले हाच प्रश्न विचारतात, कारण त्याचं उत्तर प्रत्येकाला येतं.

"त्यांना सांग," तहवाली भिंगरीला म्हणाली, "दोन टोस्ट आणि अर्धं अंडं."

"अर्धं का, विचारा."

"अर्धं आईनं खाल्लं, सांग."

"खोटं," आतून आवाज आला. "पाऊण खाल्लं मी."

भिंगरीची मान इकडून तिकडे, तिकडून इकडे फिरत होती. कॅमेरावाल्यानं उगाच भिंग पुसलं.

मुलाखत सुरू झाली आणि पहिला तासभर छान गेली. तहवालीनं ड्रायव्हर-कंडक्टरची गोष्ट सांगितली, दोन मुख्याध्यापकांची सांगितली. भिंगरी हसली, कॅमेरावाल्याचं पोट हललं. धाकटा हेडफोन लावून, डोळे मिटून, कोपऱ्यात स्टुलावर बसला होता. मग भिंगरीनं विचारलं, "आणि मॅडम, तिसरा नियम? शांततेचं मिनिट? ते कसं सुचलं?"

तहवालीनं हे उत्तर शंभरदा दिलं होतं. ते तिच्या जिभेवर पाठ होतं, शाळेतल्या कवितेसारखं. "त्या जिन्यावरच्या शेजाऱ्यांकडे," ती म्हणाली, "मला एकदम जाणवलं, की..."

धाकट्यानं हात वर केला. "विमान," तो भिंगरीला म्हणाला. "पुन्हा घ्या."

सगळे थांबले. कान टवकारले. विमान कुणालाच ऐकू आलं नाही, पण आवाजवाल्यानं विमान म्हटलं की विमान. त्यावर अपील नसतं.

"मला एकदम जाणवलं," तहवालीनं पुन्हा सुरू केलं, "की ही माणसं..."

"कुत्रा."

"कुठंय कुत्रा?" कॅमेरावाला म्हणाला. दिवसभरातलं हे त्याचं पहिलं वाक्य होतं.

"लांब आहे."

तिसऱ्यांदा ती "मला" एवढंच म्हणाली आणि धाकट्यानं हेडफोनच काढले. "भिंतीतल्या नळातून पाणी जातंय," तो गालिच्याकडे बघत म्हणाला. "असं नाही चालणार."

तहवाली उठली. "पाच मिनिटं," म्हणाली आणि स्वयंपाकघरात गेली. तिच्या नाकावरचा राग लांबूनही दिसत होता.

आई टेबलाशी वाटाणे सोलत बसली होती. तहवाली धपकन शेजारच्या खुर्चीत बसली, मूठभर शेंगा ओढल्या आणि सोलायला लागली.

"मुद्दाम करतोय तो," ती म्हणाली.

"विमान नव्हतं?"

"विमान नव्हतं, कुत्रा नव्हता, नळ तर सकाळपासून कोरडा आहे. मला काय त्याचं काम माहीत नाही? एकोणीस वर्षं एकत्र काम केलंय. त्याला आवाज खटकत नाहीत, त्याला मी खटकतेय."

"तू काय बोलत होतीस त्या वेळी?"

"तिसऱ्या नियमाचं."

"मग?"

तहवालीनं एक शेंग फोडली. आत चारच दाणे होते. "मला जाणवलं असं म्हणत होते."

"आणि कुणाला जाणवलं होतं?"

आता आईपुढे काय लपवायचं? ब्याऐंशी वर्षांच्या बाईला सगळं आधीच माहीत असतं, ती फक्त आपण कधी बोलतो याची वाट बघत असते.

"त्याला," तहवाली म्हणाली. "सगळं त्याचंच होतं आई. मी फक्त कॅमेरा चालू ठेवला, तोही त्यानं सांगितलं म्हणून. मी बक्षीस घेताना त्याचं नाव घेतलं नाही. आधी विसरले म्हणून, मग लाज वाटली म्हणून, आणि मग इतकी वर्षं झाली की आता घेतलं तर लोक विचारतील, इतके दिवस का नाही घेतलं. आणि त्या मिनिटावर मी ढोलकं वाजवलं. ढोलकं. मला आजही कुठं ढोलकं ऐकू आलं की मी रस्ता बदलते."

"हे त्याला सांग."

"काय तोंडानं सांगू? अठरा ठिकाणी लोकांना शेजारी शेजारी बसवलं, आणि इथं त्याच्या शेजारी बसायची माझी हिंमत होत नाही. शुक्रवारी तो जाईल. मग मी भांडू कुणाशी? बुधवारी वाचनालयात तरी कशाला जाऊ?"

"वाचनालयात?" आईचा हात थांबला. "वर्ग असतो ना तुझा?"

"वर्ग चार वर्षांपूर्वीच गुरुवारी गेला. बुधवारी मी घरात असले तर तो यायचा नाही. म्हणून जाते. तिथं तीच तीच मासिकं वाचते. तिथल्या बाईंना वाटतं, मला घरी कुणी नाही."

आई काही बोलणार तेवढ्यात दारातून आवाज आला.

"ताई, माईक चालू आहे."

नऊ वर्षांनंतरचं पहिलं वाक्य. तहवालीचा हात कॉलरकडे गेला. छोटा काळा माईक तिथंच होता. तो दोन खोल्यांपलीकडून, रजई लावलेल्या दारातूनही सगळं पोचवतो. अख्खं आयुष्य या धंद्यात काढलेल्या बाईनं तो न काढता उठावं ही चूक नवशिक्यांची. वर्गात ती पहिल्याच दिवशी सांगायची: मुतारीत जाताना माईक काढा.

"कधीपासून?" तिनं विचारलं.

"पहिल्यापासून."

"म्हणजे कुठून?"

"अगं, तू शेंगा ओढल्यास तिथून." धाकटा दाराच्या चौकटीला टेकला होता. हेडफोन गळ्यात होते. "माणूस उठला की लगेच सांगायचं, माईक चालू आहे. धंद्याचा पहिला नियम. तेहेतीस वर्षांत मी कधी मोडला नाही. आज मोडला. सांगायला हवं होतं, पण हेडफोन परत कानाला लावले आणि बसून ऐकत राहिलो. चुकलंच माझं."

"वाचनालय पण ऐकलंस?"

"वाचनालय पण ऐकलं." त्यानं नाक ओढलं. "मी दर बुधवारी सहा वाजेपर्यंत थांबायचो. वर्ग पाचला सुटतो, एखाद्या दिवशी लवकर आलीस तर जिन्यात गाठ पडेल, म्हणून."

"आणि मी सहा वाजता कोपऱ्यापर्यंत येऊन खाली तुझी स्कूटर बघायचे आणि परत फिरायचे. म्हटलं, आईजवळ बसलाय, बसू दे."

आईनं वाटाण्यांचं ताट टेबलावर ठेवलं. "अकलेचे कांदे," ती म्हणाली. "दोघंही. आणि मी काय करायचे, माहितेय? साडेपाचपासून चहाचं आधण ठेवायचे. तिघांचं."

पहिल्यांदा हसू कुणाला फुटलं ते सांगता येत नाही, आणि दुसऱ्या नियमाप्रमाणे ते विचारायचंही नाही. पण तहवाली हसता हसता रडायला लागली आणि धाकटा रडता रडता हसायला लागला. मधल्या कुठल्या तरी क्षणी त्यानं पुढे होऊन तिच्या कमरेचं यंत्र बंद केलं, कारण काही गोष्टी टिपायच्या नसतात. बाहेरच्या खोलीत भिंगरी आणि कॅमेरावाला छताकडे बघत बसले होते, जणू छतावर काहीतरी लिहिलेलं आहे.

मग काम पुन्हा सुरू झालं. या वेळी माईक धाकट्यानं स्वतः लावला, आणि लावताना तिची कॉलर नीट केली.

"मॅडम, तिसरा नियम कसा सुचला?" भिंगरीनं विचारलं.

"तो माझा नाही," तहवाली म्हणाली. "तो माझ्या धाकट्या भावाचा. मी नऊ वर्षं, खरं तर त्याच्याही आधीपासून, तो माझा म्हणून सांगत आले. माझ्या वर्गात शिकलेल्या सगळ्यांनी वहीत दुरुस्ती करावी. तुझ्यासकट." आणि मग तिनं ते सगळं सांगितलं: जिना, सोफा, पंखा, दंडाला धरलेला हात. इतक्या वेळा सांगितलेली गोष्ट, पण या वेळी ती सांगताना तिला फार हलकं वाटत होतं.

बोलणं संपल्यावर सगळ्यांनी कोपऱ्यात पाहिलं. धाकट्यानं डोळे उघडले. "आवाज उत्तम," तो म्हणाला. मग घसा खाकरला. "आता एक मिनिट. कुणी हलू नका."

कुणी हललं नाही. खिडकीवरची रजई जराशी फुगली आणि खाली बसली. तहवालीनं पाहिलं, धाकटा तिच्याकडे बघत होता, सरळ, डोळ्यांत डोळे घालून, आणि तीही बघत राहिली. चाळिसाव्या सेकंदाला आतून टक्क करून शेंग फुटली. मग आणखी एक. आईला मिनिट बिनिट काही माहीत नव्हतं, तिला दुपारच्या भाजीचं माहीत होतं.

"काका, आवाज आला," मिनिट झाल्यावर भिंगरी म्हणाली. "पुन्हा घेऊ या?"

"नको," धाकटा म्हणाला. "तो या घराचाच आहे."

दुपारी दीड वाजता सामान आवरलं गेलं. कॅमेरावाल्यानं कपाट पुन्हा दीड फूट सरकवून जागच्या जागी ठेवलं. भिंगरीनं गुरूला मिठी मारली, आजींना मिठी मारली आणि कॅमेरावाल्यालाही मारणार होती, पण तो तोवर जिना उतरला होता. धाकट्यानं रजयांच्या घड्या केल्या, स्वयंपाकघरात एक चक्कर टाकली, पिशवी खांद्याला लावली. "येतो आई. येतो ताई," म्हणाला आणि निघाला. रबरी तळव्यांचा आवाज झाला नाही.

दार लागलं आणि तहवालीला एकदम रिकामं वाटलं. सगळं बोलून झालं होतं, खरं होतं. पण शुक्रवार जिथल्या तिथे होता. तीन दिवसांनी तो जाणार, वर्षातून एकदा येणार, फोनवर "जेवलीस का" विचारणार. नऊ वर्षं तिनंच वाया घालवली होती आणि आता हातात तीन दिवस उरले होते. ती फळीवरचे पेले उगाच पुसायला लागली.

दोन मिनिटांत घंटी वाजली.

दारात धाकटा होता. "किल्ली राहिली," तो म्हणाला. "फ्रिजमध्ये."

"बघ की."

तो आत गेला आणि ती मागोमाग गेली. स्वयंपाकघराच्या दारात तिची पावलं थांबली. फ्रिज घरघरत होता. छान, बारीक, एकसुरी, चालू फ्रिज घरघरतो तसा. म्हणजे मघाशी त्यानं बटण सुरू केलं होतं. दार उघडून दिवा बघितला होता. दिवा बघितला म्हणजे किल्लीही बघितली होती, उजवीकडून दुसऱ्या खळग्यात, आणि ती तिथंच ठेवून, दार लावून, येतो ताई म्हणून तो जिना उतरला होता.

ताकाला जाऊन भांडं लपवायची खोड त्याची लहानपणापासूनची. तहवालीच्या मनात आलं, म्हणावं, पकडला गेलास. पण नऊ वर्षांपूर्वीची तहवाली तसं म्हणाली असती. आजचीनं फक्त फ्रिजचं दार उघडून धरलं.

त्यानं किल्ली घेतली आणि हातात खेळवत उभा राहिला. आई दोघांकडे आळीपाळीनं बघत होती.

"त्या बेकरीवाल्यांची मूळ डिस्क माझ्याकडे आहे," तहवाली म्हणाली. "लोकरीच्या मोज्यात घालून कपाटात ठेवलीय. ते मिनिट त्यात तसंच आहे, बाजाबिजा काही नाही. मी ते परत जोडणार आहे, तू म्हणाला होतास तसं. सुरुवातीच्या पाटीवर तुझं नाव घालून."

"कधी?"

"तू बसलास तर आजपासून. मला एकटीला पीठ झटकल्याचा आवाज नाही सापडायचा."

"सापडतो. चव्वेचाळिसाव्याला बाक करकरतो, मग लगेच." तो थांबला. "किती दिवस लागतील?"

"आठवडा. दहा दिवस."

"शुक्रवारी विमान आहे माझं."

"शुक्रवारचं काय कौतुक," आई म्हणाली. "दर आठवड्याला येतो."

धाकटा हसला. तहवाली आतून मोजा घेऊन आली, डिस्क काढून लॅपटॉपला जोडली. टेबलावरचं वाटाण्यांचं ताट बाजूला केलं आणि दोन खुर्च्या ओढल्या. समोरासमोर नाही, शेजारी शेजारी. उरलेल्या शेंगांचे तिनं दोन वाटे केले आणि एक त्याच्या खुर्चीपुढे ठेवला. आपलेच नियम आपल्यावर चालवायला तिला गंमत वाटली आणि थोडी भीतीही वाटली, कारण इतरांवर ते अठरा वेळा चालले होते, पण एकोणिसाव्या वेळेची खात्री कोण देणार?

पडद्यावर बाक आला. दोन बेकरीवाले, दोघांच्या भुवयांवर पीठ, दोघंही समोर कुठंतरी बघत.

"लाव," ती म्हणाली. "ऐकू या."

"थांब," धाकटा म्हणाला. "असं नाही ऐकू येणार."

तो उठला. भिंतीशी गेला आणि फ्रिजचं बटण बंद केलं. घरघर थांबली आणि घर एकदम मोठं झाल्यासारखं वाटलं. मग त्यानं फ्रिज उघडला, हातातली किल्ली उजवीकडून दुसऱ्या खळग्यात ठेवली, दार लावलं, आणि येऊन ताईच्या शेजारी बसला.